हिशेब तपासणारा कोणी नेमायचा?

(न्यू टाउन, कोलकाता येथे केलेल्या भाषणातून)



राजारहाटच्या शेतजमिनीवर हे न्यू टाउन उभे राहिले. अशा प्रत्येक मोठ्या बांधकामाच्या खर्चावर १९९६ च्या कायद्याने किमान एक टक्का उपकर बसवला आणि तो बांधकाम मजुरांच्या कल्याणासाठीच वापरायचा असतो. देशभर त्यातले हजारो कोटी रुपये पडून राहिले आणि काही रक्कम लॅपटॉप, वॉशिंग मशीन यांवर खर्च झाली. ही गोष्ट २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे मांडली ती नियंत्रक व महालेखापरीक्षकांनी, म्हणजे कॅगने. त्यामुळे त्या खुर्चीवर कोण बसतो याच्याशी डोक्यावर विटा वाहणाऱ्या बाईचाही संबंध आहे.

आता प्रश्न असा की, एखादा राजकारणी या खुर्चीवर बसला तर? आपल्याकडे तसे घडलेले नाही. फ्रान्समध्ये घडले. तिथले लेखा न्यायालय १८०७ सालचे. दिदिए मिगो हे १९८८ पासून समाजवादी पक्षाचे खासदार, आणि २००७ पासून विरोधी बाकांवरून संसदेच्या वित्त समितीचे अध्यक्ष. अर्थसंकल्पाची पद्धत बदलणाऱ्या २००१ च्या कायद्याच्या दोन शिल्पकारांपैकी ते एक. २०१० मध्ये उजव्या विचारांच्या सार्कोझी यांनी त्यांना या न्यायालयाचे प्रमुख नेमले. खासदारकी सोडून ते न्यायाधीश झाले.

मग त्यांनी स्वपक्षाला झुकते माप दिले का? २०१२ मध्ये समाजवादी सरकार आले, तेव्हा याच न्यायालयाने त्याला वर्षअखेरपर्यंत ६ ते १० अब्ज युरोंची तूट भरून काढावी लागेल असे सुनावले. पगारबिल आवरा, हेही सांगितले! तिथल्या कामगार संघटनांना ते कसे रुचावे? मलाही रुचत नाही. तपासनिसाने पैसा कुठे मुरला ते दाखवावे. कोणाचा पगार गोठवायचा हे सांगणे त्याचे काम नव्हे. पण माणूस मिंधा नव्हता, एवढे मान्य करावे लागते. पुढे २०२४ मध्ये ते काही महिने न्यायमंत्री झाले, म्हणजे परतीचा दरवाजा उघडाच होता.

आपल्याकडे हा दरवाजा कागदोपत्री बंद आहे. घटनेच्या १४८ व्या कलमानुसार कॅगला निवृत्तीनंतर केंद्र वा राज्य सरकारची नोकरी घेता येत नाही. पण त्रिलोकीनाथ चतुर्वेदींचे पाहा. १९८९ चा त्यांच्या कारकिर्दीतला बोफोर्स अहवाल गाजला, विरोधी खासदारांनी लोकसभेचे सामुदायिक राजीनामे दिले. १९९० मध्ये ते निवृत्त झाले, १९९२ मध्ये भाजपतर्फे राज्यसभेत गेले, २००२ मध्ये कर्नाटकचे राज्यपाल झाले. नियम मोडला का? नाही. खासदारकी निवडून मिळते, आणि राज्यपालपद ही केंद्र सरकारची नोकरी नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ मध्येच सांगितले होते. अहवाल खोटा होता असेही मी म्हणत नाही. पण ज्यांच्यावर ठपका होता त्यांच्या हाती आयते कोलीत मिळाले.

आत येण्याच्या दाराचे तर विचारूच नका. कॅगसाठी पात्रता लिहिलेली नाही, निवड समिती नाही. राष्ट्रपतींची सही असते आणि नाव सरकार ठरवते. ज्याचा हिशेब तपासायचा, तोच तपासनीस निवडणार! सनदी अधिकारी असो वा माजी खासदार, नाव आधी विरोधी पक्षनेत्यासह बसलेल्या समितीपुढे यावे, आणि निवृत्तीनंतर काही वर्षे राज्यपालपदही मिळू नये. एवढ्या दोन मागण्यांचा ठराव आपण करू आणि तो या भागाच्या खासदारांच्या हाती समक्ष देऊ.