सांगत्ये ऐका

आज आपण एका नटीची गोष्ट ऐकणार आहोत, पण ती आपल्या हिशेबाच्या वहीपाशीच येऊन थांबते.

हंसा वाडकर हे नाव घरातल्या जुन्या माणसांना विचारा. १९४७ सालचा 'लोकशाहीर रामजोशी' आणि १९५९ सालचा 'सांगत्ये ऐका' या तमाशापटांनी त्यांना घराघरांत नेलं. 'सांगत्ये ऐका' तर पुण्यात विजयानंद थिएटरला शंभरावर आठवडे चालला.

हंसाबाईंचं मूळ नाव रतन साळगावकर. जन्म १९२३ चा, मुंबईतला. घरची ओढाताण, म्हणून शाळेच्या वयातच, १९३६ साली 'विजयाची लग्ने' या चित्रपटात त्या उभ्या राहिल्या. १९४१ साली प्रभातच्या 'संत सखू'मध्ये त्या सखू झाल्या. सासुरवास सोसणारी सखू आणि फडावरची नाचणारीण, दोन्ही त्यांनी तितक्याच जीव ओतून केल्या.

लग्नानंतर सिनेमा सोडून संसार करावा, असं त्यांना वाटत होतं. पण घर त्यांच्याच कमाईवर चालायचं, त्यामुळे काम सुटलं नाही. कमावत्या त्या, पण थांबायचं की नाही, हे त्यांच्या हातात नव्हतं.

१९७० साली त्यांचं आत्मकथन आलं. नाव तेच, 'सांगत्ये ऐका'. घरातली भांडणं, दारूचं व्यसन, स्वतःचं चुकलेलं, काहीच त्यांनी झाकलं नाही. पुढच्याच वर्षी त्या गेल्या. वय अवघं ४८. त्यांच्या आयुष्यावरून १९७७ साली श्याम बेनेगलांनी 'भूमिका' काढला आणि त्यातल्या कामासाठी स्मिता पाटील यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

आता आपल्याकडे बघू. बारामती-इंदापूरच्या वाड्यावस्त्यांवर पहाटे गोठ्यात कोण असतं? शेण, वैरण, धारा सगळं आपणच करतो. मग दुधाचा पगार कुणाच्या खात्यावर जमा होतो? खातं आपल्या नावाचं असलं, तरी एटीएम कार्ड कुणाच्या खिशात असतं? बँकेचा मेसेज कुणाच्या मोबाईलवर येतो?

यात घरच्यांशी भांडण नाही. पण कमाई आपली असेल, तर खर्च ठरवताना आपलाही शब्द हवा.

या महिन्याच्या बैठकीला प्रत्येकीने आपलं पासबुक आणावं. नाव कुणाचं, मोबाईल नंबर कुणाचा, ते एकत्र बसून पाहू. जिथे बदल हवा, तिथे गटातल्या दोघी-तिघी मिळून बँकेत जाऊ.

सांगायचं ते सांगितलं. आता तुम्ही बोला, आम्ही ऐकतो.