केशवराव दाते : रंगभूमीवरून रुपेरी पडद्यावर



चित्रपटाच्या जाहिरातीत चरित्र-अभिनेत्याचे नाव नायक-नायिकेच्या खाली, लहान टाइपात छापण्याची रीत आहे. प्रेक्षक घरी परततात ते नायिकेची गाणी गुणगुणत. पण कथेतला बाप, गुरू किंवा शेजारी पटला नाही, तर सारा डोलारा कोसळतो. हा भार ज्यांनी पेलला त्यांत केशवराव दाते अग्रगण्य होत.

त्यांचा जन्म १८८९ चा. त्यांची घडण झाली ती महाराष्ट्र नाटक मंडळीत. गाण्यापेक्षा गद्याला मान देणारी ही संस्था. खाडिलकरांचे १९०७ मधील ‘कीचकवध’ हे नाटक तिचेच. त्यावर सरकारने १९१० मध्ये बंदी घातली. पदाचा आधार नसलेल्या नटाला शब्द, विराम आणि नजर यांवरच प्रेक्षक धरून ठेवावे लागत. पुढे १९३३ मध्ये नाट्यमन्वंतर संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगमंचावर आणले. ब्यर्नसन या नॉर्वेच्या नाटककाराच्या कृतीवर आधारलेल्या त्या नाटकामागे केशवरावांचाही हात होता. अतिरंजित अभिनयाला मराठी रंगभूमीने तेथे प्रथमच उघडपणे निरोप दिला असे म्हणावयास हरकत नाही.

‘प्रभात’च्या ‘अमृतमंथन’मध्ये (१९३४) राजगुरूची भूमिका मराठी आवृत्तीत केशवरावांकडे होती, तर हिंदीत चंद्रमोहन यांच्याकडे. चंद्रमोहन यांचे डोळे साऱ्या हिंदुस्थानात गाजले. केशवरावांकडे तसे डोळे नव्हते. त्यांच्याकडे वाणी होती.

त्यांच्या कारकिर्दीचे शिखर म्हणजे ‘कुंकू’ (१९३७). ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून शांतारामबापूंनी तो काढला. वृद्ध विधुर वकील काकासाहेब फसवणुकीने एका तरुणीशी लग्न करतो आणि ती त्याला नवरा मानण्यास नकार देते. शांता आपटे यांच्या नीरेचा बाणेदारपणा सर्वांच्या लक्षात राहिला, तो राहावाच. परंतु काकासाहेब केवळ खलपुरुष झाला असता, तर चित्रपट प्रचाराच्या पातळीवरच थांबला असता. केशवरावांनी त्याला हास्यास्पद होऊ दिले, केविलवाणा होऊ दिले आणि शेवटी स्वतःच्या अपराधाची जाणीव झालेला माणूस केले. या चित्रपटात पार्श्वसंगीत नाही. ऐकू येतात ते घरातले आणि रस्त्यावरचे आवाज. भाव सुचवायला सारंगीही मदतीला नाही! गद्य नाटकाच्या तालमीत मुरलेल्या नटालाच हे जमावे. ‘दुनिया न माने’ या हिंदी आवृत्तीतही काकासाहेब तेच होते. तेव्हा त्यांचे वय पन्नाशीच्या आत होते, हे विसरता कामा नये. (आपल्या सुरतेत १९३८ मध्ये जन्मलेल्या संजीवकुमारांचीही जडणघडण रंगभूमीवरच झाली, आणि त्यांनीही ऐन तारुण्यात वृद्ध रंगवले, नवागामच्या रसिकांना हे साम्य सांगावयास नको.)

‘शेजारी’ (१९४१) मध्ये केशवराव जिवबा आणि गजानन जागीरदार मिर्झा. धरणाच्या प्रकल्पापायी दोन जिवलग शेजाऱ्यांत, एका हिंदूत व एका मुसलमानात, फूट पाडली जाते. त्या काळात हा विषय जळत्या निखाऱ्यासारखा होता.

फ्रान्सकडे पाहिले तर मिशेल सिमाँ आठवतो. जिनिव्हातला हा नट पितोएफच्या नाटकमंडळीतून पुढे आला आणि १९३४ च्या ‘लातालांत’मध्ये बोटीवरचा म्हातारा खलाशी झाला, तेव्हा तोही चाळिशीच्या अलीकडेच होता. सिमाँच्या मात्र प्रमुख भूमिका असलेले चित्रपट निघाले. आपल्याकडे वृद्धाला मध्यभागी ठेवण्याचे धाडस ‘कुंकू’नंतर क्वचितच झाले.

उत्तरायुष्यात शांतारामबापूंच्या राजकमलने त्यांना सन्मानाने काम दिले. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) मधले नृत्यगुरू आणि ‘नवरंग’ (१९५९) मधले कवीचे वडील अनेकांना स्मरत असतील. त्या भूमिका लहान होत्या, रंगांच्या आणि नृत्यांच्या झगमगाटात काहीशा दबलेल्याही. तरीही नृत्यगुरू पडद्यावर येताच त्या झगमगाटाला शिस्त लागते. १९७१ मध्ये केशवराव निवर्तले.