तारीख न लागणारी कैद
(अकोला येथील उपासक-उपासिकांच्या सभेत दिलेले भाषण)



काही काळापूर्वी याच शहरातील एका वस्तीतली माउली माझ्याकडे आली. तिच्या मुलाला पोलिसांनी नेल्यास साडेतीन महिने झाले होते. तिने विचारले, "भाऊ, पोराची तारीख कवा हाये?" पिशवीतले कागद वाचल्यावर मला सांगावे लागले की, माय, या प्रकरणात तारीख लागतच नाही. मुलावर खटला नाही, म्हणून जामीनही नाही. त्याने पुढे काही करू नये एवढ्यासाठी त्याला आधीच कोंडून ठेवले आहे. तारखेची वाट पाहण्यात त्या घराचे साडेतीन महिने गेले, आणि ज्या मुदती तिच्या बाजूच्या होत्या त्या कोणी तपासल्याच नाहीत.

या कैदेला प्रतिबंधक स्थानबद्धता म्हणतात. हा प्रकार इंग्रज सरकारचा वारसा आहे, परंतु स्वराज्याने तो टाकून दिला नाही. आपला वऱ्हाड ज्या मध्यप्रांत-वऱ्हाडात होता, त्या प्रांताने १९४८ साली सार्वजनिक सुरक्षेचा कायदा करून हाच अधिकार हाती ठेवला. पुढे १९५० चा केंद्रीय कायदा आला, १९७१ चा मिसा आला, १९८० चा राष्ट्रीय सुरक्षा कायदा आला; आणि अमरावती-अकोल्याच्या वस्त्यांत ज्याचे नाव अधिक ऐकू येते तो महाराष्ट्राचा १९८१ चा एम.पी.डी.ए. कायदा. हातभट्टीवाला, झोपडपट्टी गुंड, धोकादायक व्यक्ती असे शिक्के त्यात आहेत. शिक्का खरा असेल किंवा खोटा. तो न्यायालयात सिद्ध करावा लागत नाही, हे मात्र ध्यानात घ्या.

मग राज्यघटनेने आपल्याला काय दिले? काही मंडळी म्हणतात, घटनेतच ही कैद लिहिलेली आहे, तेव्हा बोलणेच खुंटले. हे अर्धसत्य आहे. १५ सप्टेंबर १९४९ रोजी परमपूज्य बाबासाहेबांनी घटना समितीत जे कलम मांडले, तेच आजचे कलम २२ होय. जीवित आणि स्वातंत्र्याविषयीचे आजचे कलम २१ संसदेला फार मोकळीक देते, अशी नाराजी तेव्हा होती. ती बाबासाहेबांनी मान्य केली, आणि हे नवे कलम तिची भरपाई म्हणून आणीत असल्याचे सांगितले. देशाच्या परिस्थितीत अशा अटकेची गरज पडू शकते, हेही त्यांनी नाकारले नाही. म्हणजे दार उघडे ठेवले, पण दाराला कड्या लावल्या. त्या कड्या कोठे आहेत हे आपणांस ठाऊक नसेल, तर त्या लावल्याचा उपयोग तो काय?

अटकेची कारणे बंदिवानाला शक्य तितक्या लवकर कळविली पाहिजेत, आणि त्याला आपले निवेदन मांडण्याची संधी दिली पाहिजे. यासंबंधीचा मोठा निकाल आपल्या विदर्भातलाच आहे. १९६१ साली हरिकिसन नावाच्या एका गृहस्थांना नागपूरच्या जिल्हादंडाधिकाऱ्यांच्या आदेशाने स्थानबद्ध केले. कारणांचा कागद चौदा टंकलिखित पानांचा, तेरा वर्षांच्या हालचालींचा, आणि सगळा इंग्रजीत! गृहस्थांना इंग्रजी येत नव्हते. त्यांनी हिंदी प्रत मागितली. उत्तर आले की इंग्रजी ही सरकारी भाषा आहे, प्रत मिळणार नाही. उच्च न्यायालयात दाद लागली नाही. १९६२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती अटक बेकायदेशीर ठरविली. अधिकाऱ्याने तोंडी समजावले, तेवढ्याने भागत नाही. ज्या भाषेत माणूस समजतो त्या भाषेत कागद हाती पडला पाहिजे. वाचताच न येणाऱ्या कागदाला उत्तर तरी कोण देणार?

पण कड्याही कधी निखळतात, हे लपविण्यात अर्थ नाही. आणीबाणीत मिसाखाली पकडलेल्यांचे अर्ज ऐकता येतील, असे अनेक उच्च न्यायालयांनी म्हटले. त्यांत मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठही होते. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मतांनी ते सर्व निर्णय फिरविले. तो एक आवाज न्यायमूर्ती एच. आर. खन्ना यांचा. ४४ व्या घटनादुरुस्तीने आता आणीबाणीतही कलम २१ च्या अंमलबजावणीचा हक्क स्थगित करता येत नाही, आणि २०१७ साली नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने १९७६ चा निकाल मोडीत काढला. मात्र त्याच दुरुस्तीत विनासल्लागार कैदेची मुदत तीन महिन्यांवरून दोनवर आणण्याचे ठरले होते. तो भाग आजतागायत अमलात आणलेला नाही!

आता घरच्या माणसांनी काय पाहावे ते सांगतो. एम.पी.डी.ए.चा आदेश अधिकाऱ्याने काढला असेल तर बारा दिवसांत शासनाची मान्यता लागते. कारणे पाच दिवसांत द्यावी लागतात. तीन आठवड्यांत प्रकरण सल्लागार मंडळापुढे गेले पाहिजे, आणि अटकेपासून सात आठवड्यांत मंडळाचा अहवाल आला पाहिजे. कैद बारा महिन्यांपलीकडे जात नाही. मंडळापुढे वकिलाचा हक्क नाही. पण वकील नसलेल्या एखाद्या मित्राची मदत घेता येते, असे १९८१ च्या निकालात म्हटले आहे. तेव्हा वस्तीतला एखादा शिकलेला तरुण येथे कामाला येतो. निवेदन शासनाकडे वेगळे पाठवा. मंडळाचे होईपर्यंत ते पडून राहता कामा नये. आणखी एक : दोघांचे भांडण म्हणजे सार्वजनिक सुव्यवस्थेचा भंग नव्हे, हा भेद राममनोहर लोहियांच्या खटल्यापासून न्यायालयांनी मानला आहे. कारणांच्या कागदात हा भेद कोठे सुटला आहे काय, ते वकिलाकडून तपासून घ्या.

वकिलाला पैसे कोठून आणावे, असे त्या माउलीनेही विचारले होते. कोठडीतला माणूस, स्त्री आणि अनुसूचित जातीची व्यक्ती, यांना १९८७ च्या कायद्याने मोफत वकील मिळतो. आणि १९९० पासून बौद्धांनाही अनुसूचित जातीत गणले जाते. जिल्हा न्यायालयाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय असते. तेथे आदेशाची प्रत, कारणांची प्रत, आणि ते कागद मुलाच्या हाती ज्या दिवशी पडले ती तारीख, एवढे घेऊन जा. नागपूर खंडपीठात बंदिप्रत्यक्षीकरणाचा अर्ज करताना पहिल्यांदा हीच तारीख विचारतात.