मुलांच्या फाटक्या पुस्तकांचा बहुमान
(नभोवाणीवरील भाषण)

दसरा-दिवाळीची झाडलोट निघाली म्हणजे घरांतील कोणत्या पुस्तकांवर पहिली गदा येते, हें आपणां सर्वांस ठाऊक आहे. आजोबांची ज्ञानेश्वरी पुसून पुन्हां फडताळांत जाते. वडिलांचीं जाडजूड पुस्तकें कोणी उघडीत नसलें तरी तीं जागचीं हलत नाहींत. परंतु मुलांचीं गोष्टींचीं पुस्तकें, ज्यांचें मलपृष्ठ गेलें आहे, ज्यांतील राजाला कोणीतरी शिसपेन्सिलीनें मिशा काढल्या आहेत, तीं मात्र निमूटपणें रद्दीच्या गठ्ठ्यांत जातात. मुलें मोठीं झालीं. आतां तीं कोण वाचणार? असा सरळ हिशेब असतो, आणि त्यांत आपलें कांहीं चुकलें असें कोणासही वाटत नाहीं.

आज मी ज्या बाईंविषयीं बोलणार आहें, त्यांनीं व त्यांच्या पतीनें हींच टाकाऊ समजलेलीं पुस्तकें जवळजवळ चाळीस वर्षें गोळा केलीं. शेवटीं बाईंनीं तो सारा संग्रह अर्ध्या किंमतींत एका सार्वजनिक ग्रंथालयाच्या स्वाधीन केला, आणि पुढें त्यांच्या राष्ट्रानें त्यांचा बहुमान केला. त्यांचें नांव आयोना ओपी.

आयोनाबाईंचा जन्म १३ ऑक्टोबर १९२३ रोजीं इंग्लंडांतील कोल्चेस्टर येथें झाला. दुसऱ्या महायुद्धांत त्या स्त्रियांच्या हवाई दलांत हवामानाच्या खात्यांत कामाला होत्या. पीटर ओपी हे त्यांच्याहून पांच वर्षांनीं मोठे. त्यांचा जन्म कैरोचा. सैन्यांत असतांना झालेल्या दुखापतीमुळें त्यांना घरीं पाठविण्यांत आलें होतें. सन १९४३ मध्यें दोघांचा विवाह झाला. दोघांपैकीं एकानेंही विद्यापीठाचें शिक्षण घेतलेलें नव्हतें, ही गोष्ट आपण लक्षांत ठेवावी. कारण पुढें विद्यापीठांतील पंडितांना त्यांच्याच ग्रंथांचा आधार घ्यावा लागला.

या कामाचा आरंभ अगदीं साधा आहे. सन १९४४ मध्यें, पहिलें मूल होणार होतें त्या दिवसांत, हें जोडपें एका शेताच्या कडेनें फिरत होतें. लाल पाठीवर काळे ठिपके असलेला एक चिमुकला किडा बोटावर येऊन बसला. त्या किड्याला उद्देशून इंग्रज मुलें एक गाणें म्हणतात. तें दोघांच्याही तोंडीं आपोआप आलें, आणि किडा उडून गेला. तेव्हां त्यांच्या मनांत प्रश्न आला, कीं हें गाणें आपणांस कोणीं शिकविलें? तें कोणीं रचिलें असेल? शोध घेतां असें दिसून आलें, कीं या विषयावरील मुख्य ग्रंथ १८४२ सालचा, म्हणजे शंभर वर्षांपूर्वींचा होता. मग दोघेंही कामाला लागलीं. सात वर्षांच्या परिश्रमानंतर, १९५१ मध्यें, ऑक्सफर्डच्या मुद्रणालयानें त्यांचा बालगीतांचा कोश प्रसिद्ध केला. त्यांत पांचशेंहून अधिक गीतांचा पूर्वेतिहास दिलेला आहे.

या कोशासाठीं जुनीं छापील पुस्तकें पाहणें अवश्य होतें, आणि अडचण आली ती तेथेंच. मुलांचें पुस्तक जितकें आवडतें, तितकें तें लवकर नाहींसें होतें. जॉन न्यूबेरी या प्रकाशकाचें उदाहरण घ्या. त्यानें १७४४ मध्यें लंडनमध्यें मुलांच्या करमणुकीसाठीं एक छोटें, खिशांत मावणारें पुस्तक काढलें. नुसत्या पुस्तकाची किंमत सहा पेन्स. आठ पेन्स दिल्यास मुलाला एक चेंडू किंवा मुलीला टांचण्या खोंचण्याची उशी मिळे. पुस्तक फार खपलें. परंतु त्या पहिल्या आवृत्तीची एकही प्रत आज ज्ञात नाहीं. त्या सर्व मुलांनीं वाचून, फाडून, चोळामोळा करून संपविल्या! पंडितांचे न वाचलेले ग्रंथ मात्र चारशें वर्षें सुखरूप राहतात.

म्हणून ओपी दांपत्यानें अशीं पुस्तकें स्वतःच विकत घेण्यास सुरुवात केली. पैसा बेताचाच होता. फेरीवाले पूर्वीं खेड्यापाड्यांतून एकेका पेनीला विकीत असत तीं चोपडीं, मुळाक्षरांचे तक्ते, चित्रांचीं पुस्तकें, खेळ आणि खेळणीं यांनीं घर भरून गेलें. मला विशेष वाटतें तें हें, कीं पीटर ओपी हे नव्यानें मिळालेल्या वस्तूंची रोजनिशी ठेवीत. संग्रह म्हणजे नुसता ढीग नव्हे. नोंद असेल तरच ढिगाचा संग्रह होतो.

परंतु हीं दोघें केवळ जुन्या कागदांत रमणारीं नव्हतीं. जिवंत मुलांनाही त्यांनीं साक्षीला बोलाविलें. सत्तर शाळांतील सुमारें पांच हजार मुलांकडून त्यांनीं म्हणी, कोडीं, चिडवण्याचीं गाणीं, शपथा, खेळांतले कायदे मिळविले, आणि १९५९ मध्यें त्यावर मोठा ग्रंथ लिहिला. त्यांतील एक हकीकत नभोवाणीवर सांगण्याजोगी आहे. सन १९३६ च्या डिसेंबरांत इंग्लंडच्या राजानें एका स्त्रीसाठीं सिंहासन सोडलें. त्यासरशीं मुलांनीं त्या प्रकरणावर एक टवाळ गाणें रचिलें, आणि कांहीं आठवड्यांतच तें दूरदूरच्या शहरांतील शाळांतून ऐकूं येऊं लागलें. तें कोणत्याही वृत्तपत्रानें छापलें नव्हतें. नभोवाणीनें तर तें ऐकविणें शक्यच नव्हतें. मुलांची वार्ता मुलांच्याच तोंडून गेली. पुढें आयोनाबाई १९७० पासून अनेक वर्षें दर आठवड्यास आपल्या गांवच्या शाळेच्या मैदानावर जाऊन उभ्या राहत, आणि मुलें काय बोलतात तें वहींत टिपून घेत. मोठ्या माणसानें मुलांना कांहीं न शिकवितां केवळ ऐकावें, हें किती कठीण आहे, तें मजसारख्या मास्तरास विचारा!

सन १९८२ मध्यें पीटर ओपी वारले. त्या वेळीं संग्रहांत सुमारें वीस हजार पुस्तकें व वस्तु होत्या. त्याची किंमत दहा लक्ष पौंड ठरविण्यांत आली. संग्रह फोडून एकेक पुस्तक लिलांवांत काढलें असतें तर देशोदेशींचे धनिक धांवत आले असते. इंग्लंडांतील अशीं पुस्तकें परदेशीं गेल्याचें उदाहरणही होतें. एडगर ऑस्बॉर्न या इंग्रज ग्रंथपालानें आपल्या पत्नीच्या स्मरणार्थ सुमारें दोन हजार जुनीं बालपुस्तकें १९४९ मध्यें कॅनडांतील टोरांटोच्या सार्वजनिक ग्रंथालयास दिलीं होतीं. त्यांत गैर कांहींच नाहीं. तेथें त्यांची उत्तम निगा आहे. परंतु आयोनाबाईंची इच्छा अशी होती, कीं संग्रह एकत्र राहावा आणि अभ्यासूंना खुला असावा. त्यांनीं ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयास तो पांच लक्ष पौंडांना, म्हणजे अर्ध्या किंमतींत, देऊं केला. ती रक्कम उभारण्यासाठीं जनतेला आवाहन करण्यांत आलें, युवराजांनीं त्याचें आश्रयदातृत्व पत्करलें, आणि १९८८ मध्यें संग्रह ऑक्सफर्डला गेला.

कोणी म्हणेल, पांच लक्ष पौंड घेतले, मग यांत दातृत्व तें काय? मला हा आक्षेप पटत नाहीं. हें घर लेखणीवर चाललेलें होतें. ज्याच्यापाशीं कोट्यवधि आहेत त्यानें पांच लक्ष देणें वेगळें, आणि जिच्या घरांत एवढी एकच संपत्ति आहे त्या विधवेनें तिचा अर्धा भाग सोडून देणें वेगळें. शिवाय तिनें दिला तो नुसता पैसा नव्हे. पतीच्या हातची निवड आणि दोघांच्या संसाराचे दिवस तिनें घराबाहेर पाठविले.

आतां हा संग्रह जेथें गेला त्या ग्रंथालयाचीच एक गंमत सांगतों. सर थॉमस बॉडली यांनीं १६०२ मध्यें तें उघडलें. पंचांगें, नाटकें, रोजचीं चोपडीं असल्या किरकोळ वाङ्मयाला तेथें थारा देऊं नये, असें ते आपल्या ग्रंथपालास बजावीत असत. तरी शेक्सपिअरच्या नाटकांचा १६२३ चा पहिला मोठा ग्रंथ तेथें आला. पुढें १६६४ मध्यें नवी आवृत्ति निघाली. तेव्हां जुनी आतां कशाला, म्हणून ती काढून टाकण्यांत आली. अडीचशें वर्षांनीं तीच प्रत सांपडली, आणि १९०६ मध्यें तीन हजार पौंड वर्गणीनें जमवून ग्रंथालयाला स्वतःचेंच पुस्तक परत विकत घ्यावें लागलें. ज्या ग्रंथालयाच्या संस्थापकाला असलीं चोपडीं नकोशीं होतीं, त्याच ग्रंथालयानें पुढें पेनी-पेनीच्या चोपड्यांसाठीं लोकांपुढें हात पसरला.

ही गोष्ट प्रथम वाचली तेव्हां मला हंसूं आलें नाहीं. त्याचें कारण सांगतों. मी शिक्षक असतांना एका उन्हाळ्याच्या सुटींत शाळेच्या ग्रंथालयाची मोजदाद माझ्याकडे आली. लहान मुलांचीं जीर्ण पुस्तकें, जुन्या बालमासिकांचे बांधीव अंक, कपाटाच्या खालच्या दोन फळ्या भरून होते. मीं नोंदवहींत एकेका नांवापुढें तांबड्या शाईनें 'बाद' असें लिहिलें, आणि तीं किलोवर रद्दीवाल्यास दिलीं. कपाट स्वच्छ झालें. माझें कौतुकही झालें. कांहीं वर्षांनीं एक जुना विद्यार्थी आला. चांगला कर्ता-सवरता झालेला. त्यानें एका मासिकाचा विशिष्ट खंड मागितला. त्यांतील एक गोष्ट त्याला आपल्या मुलीला वाचून दाखवायची होती. बाजारांत तो खंड कोठेंही मिळाला नाहीं, म्हणून तो शाळेंत आला होता. मीं त्याला काय दाखविणार? नोंदवहीचें पान तेवढें होतें, आणि त्यावर माझें अक्षर.

श्रोतेहो, म्हणून आयोनाबाईंचा बहुमान मला आपल्या घरचा विषय वाटतो. गेल्या शतकाच्या अखेरीस त्यांना ब्रिटिश राष्ट्राचा 'सी. बी. ई.' हा किताब मिळाला, आणि ब्रिटिश अकादमीनेंही त्यांना आपल्यांत घेतलें. पीटर ओपी तो दिवस पाहण्यास उरले नव्हते. सन २०१७ च्या ऑक्टोबरांत, चौऱ्याण्णवावा वाढदिवस होऊन दहा दिवस लोटले असतां, बाईंचें निधन झालें. बहुमान उशिरा आला असें म्हणतां येईल. परंतु तो कशासाठीं आला हें पाहिलें पाहिजे. मुलाच्या हातांतील पुस्तक हेंही राष्ट्राचें धन आहे, असें एका राष्ट्रानें त्या निमित्तानें मान्य केलें.

आपलें धन कांहीं थोडें नाहीं. सदाशिव काशीनाथ छत्रे यांनीं 'बाळमित्र' व इसापच्या गोष्टी १८२८ च्या सुमारास मराठींत आणल्या. विनायक कोंडदेव ओक यांनीं १८८१ पासून 'बालबोध' मासिक चालविलें. वासुदेव गोविंद आपटे यांनीं १९०६ मध्यें 'आनंद' काढलें. किती पिढ्या त्यांवर वाढल्या! त्या मासिकांचा एकादा अंक, पणजीच्या हातची भोंडल्याच्या गाण्यांची वही, आपल्यापैकीं कोणाच्या तरी माळ्यावर अजून असेल.

वीस हजार पुस्तकें जमविणें सर्वांस शक्य नाहीं. परंतु पीटर ओपींची रोजनिशी तर शक्य आहे? येत्या झाडलोटींत मुलांचें जुनें पुस्तक हातीं आलें, तर तें घरांत कोणाचें होतें, कोणत्या सालीं आलें, कोणीं वाचून दाखविलें, एवढें एका चिठ्ठीवर लिहून आंत ठेवावें. घरीं ठेवणें जमत नसेल तर ठाण्याचें १८९३ चें किंवा मुंबईचें १८९८ चें मराठी ग्रंथसंग्रहालय, नाहीं तर आपल्या गांवचें वाचनालय, यांना आधीं विचारावें, रद्दीवाल्याला मागाहून. आणि ज्यांच्या हातीं तांबड्या शाईची लेखणी आहे, त्या माझ्या शिक्षक व ग्रंथपाल बंधुभगिनींना माझी एवढीच विनंती आहे, कीं 'बाद' हा शब्द लिहिण्यापूर्वीं तें पुस्तक एकदां उघडून पाहावें.