पतपेढीतील नोकरभरती आणि सभासद
(दिल्ली येथे केलेले भाषण)



पतपेढ्या आपल्या पगारातून कापलेल्या वर्गणीवर उभ्या आहेत. एकाहून अधिक राज्यांत चालणाऱ्या पतपेढ्यांना आणि सहकारी बँकांना २००२ चा बहुराज्य सहकारी संस्था कायदा लागू आहे. त्यात भरतीचे नियम संचालक मंडळ ठरवते. २०२३ मध्ये याच दिल्लीत संसदेने दुरुस्ती केली. आता नातेवाइकाचा विषय आला की संचालकाने चर्चेत बसायचे नाही, मतही द्यायचे नाही.

पण बाप बाहेर गेला आणि बाकीच्यांनी त्याच्या मुलासाठी हात वर केले, तर? कायदा पाळला गेला, गुणवंत उमेदवार मात्र घरीच राहिला.

म्हणून वार्षिक सभेत विचारा: जाहिरात कुठे दिली? परीक्षा कोणी घेतली? गुणांची यादी कुठे लावली? दुरुस्तीप्रमाणे संस्थेने माहिती अधिकारी नेमायचा आहे, त्याच्याकडे अर्ज करा. सरकारकडे आपण उघड भरती मागतो; मग आपल्याच संस्थेत ती का नको?

कामगार एकजुटीचा विजय असो!