तरंगफलन : नोंद की वस्तू ?
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेतील भाषण)



सुवर्णमहोत्सवाच्या व्याख्यानमालेत संतवाङ्मय, नाट्यसंगीत किंवा छत्तीसगडातील भोसल्यांची राजवट असे विषय शोभून दिसतात. त्या पंक्तीत पुंजयामिकी, म्हणजे इंग्रजीत जिला क्वांटम मेकॅनिक्स म्हणतात ती, आणून बसवणे आणि तेही कलाशाखेच्या एका पदवीधराने, हे कित्येकांना धार्ष्ट्य वाटेल. आमचे म्हणणे एवढेच की, ज्या प्रश्नाविषयी आम्ही बोलणार आहोत त्याचे गणित अवघड असले तरी त्याचे मूळ प्रत्येक कारकुनाच्या परिचयाचे आहे. कागदावर जे लिहिलेले असते त्याचा वस्तुस्थितीशी नेमका संबंध कोणता ? आमचे सारे आयुष्य केंद्र सरकारच्या फाइलींत गेले. कागद निराळा आणि माणूस निराळा, हा त्या नोकरीने शिकवलेला पहिला धडा होय. हयातीचा दाखला नोव्हेंबरात पोचला नाही म्हणून निवृत्त माणूस मरत नाही. आणि पोचला म्हणून त्याची प्रकृती सुधारत नाही.

शिवाय ह्या विषयाशी सरकारी नोकरीचा व ह्या प्रदेशाचा जुना संबंध आहे. रायपूर जिल्हा ज्या मध्यप्रांतात होता त्याची राजधानी नागपूर. चंद्रशेखर वेंकट रामन हे १९०७ साली भारत सरकारच्या अर्थखात्यात रुजू झाले, आणि कलकत्ता व रंगून ह्यांबरोबरच नागपूर येथेही त्यांनी हिशेबखात्याचे अधिकारी म्हणून काम केले. १९१७ साली ती नोकरी सोडून ते कलकत्ता विद्यापीठात प्राध्यापक झाले. २८ फेब्रुवारी १९२८ रोजी लागलेला त्यांचा शोध हा प्रकाश व रेणू एकमेकांशी ऊर्जेची देवघेव ठराविक पुंजांनी करतात ह्याचा ठसठशीत पुरावा ठरला. हिशेबाच्या वह्या आणि निसर्गाचे कुतूहल ह्यांत वैर नसते, एवढे ह्यावरून आम्ही घ्यावे.

आता मूळ विषयाकडे वळू. १९२४ साली फ्रान्समध्ये द ब्रॉग्ली ह्यांनी असे सुचवले की, इलेक्ट्रॉनसारख्या कणाच्या अंगीही तरंगाचा धर्म असावा. १९२६ साली श्रोडिंगर ह्यांनी त्या तरंगाचे समीकरण मांडले. त्या समीकरणातून जी राशी निघते तिला तरंगफलन म्हणतात. त्याच वर्षी माक्स बोर्न ह्यांनी तिचा उपयोग सांगितला : एखाद्या ठिकाणी तरंगफलनाचे जे मूल्य असेल त्याच्या परिमाणाचा वर्ग केला म्हणजे कण तेथे सापडण्याची शक्यता मिळते. हा नियम गेल्या शंभर वर्षांत एकदाही खोटा ठरलेला नाही. परंतु हे तरंगफलन म्हणजे आहे तरी काय ? जगात खरोखर असलेली वस्तू, की आमच्या माहितीची नोंद ?

नोंद म्हणजे काय हे समजण्यास अभनपूरइतके चांगले ठिकाण नाही. आमच्या पिढीला हे गाव ठाऊक आहे ते जंक्शन म्हणून. रायपूरहून निघालेल्या अडीच फुटी रुळांना येथे दोन वाटा फुटत; एक धमतरीकडे जाई व दुसरी राजीमकडे. ती छोटी गाडी आता इतिहासजमा झाली आणि ३० मार्च २०२५ पासून रायपूर-अभनपूर मार्गावर मोठ्या रुळांची मेमू गाडी सुरू झाली. तरी उदाहरणापुरती ती जुनी गाडी पुन्हा चालवू. समजा, रायपूरला बसलेल्या बाबूला एवढेच ठाऊक आहे की एक डबा अभनपूरहून पुढे गेला. कोणत्या वाटेने, ते ठाऊक नाही. तो आपल्या वहीत लिहील : राजीम आठ आणे, धमतरी आठ आणे. इतक्यात राजीमहून तार येते की डबा पोचला. त्या क्षणी वहीतील धमतरीचे आठ आणे पुसले जातात व राजीमचे सोळा आणे होतात. डब्याला काय झाले ? काहीही नाही. बदलली ती वही.

तरंगफलनाचेही असेच दिसते. इलेक्ट्रॉन सापडण्यापूर्वी ते दूरवर पसरलेले असते; तो एका ठिकाणी सापडताच बाकीच्या सर्व ठिकाणचे तरंगफलन तत्क्षणी नाहीसे होते. पुष्कळांना वाटते की ही केवळ वहीची दुरुस्ती आहे. आम्हांसारख्या फाइली हाताळणाऱ्या माणसास तर हे मत पाहताक्षणीच पटावे.

पण येथे एक अडचण उभी राहते. एका पडद्याला दोन बारीक फटी पाडून त्यांवर एकेक इलेक्ट्रॉन सोडला तर पलीकडच्या फलकावर प्रत्येक वेळी एकच ठिपका उमटतो. हजारो ठिपके साठले म्हणजे मात्र त्यांतून काळे-पांढरे पट्टे उमटलेले दिसतात. १९८९ साली जपानमध्ये तोनोमुरा व त्यांच्या सहकाऱ्यांनी हे पट्टे ठिपक्या-ठिपक्याने भरत जाताना प्रत्यक्ष दाखवले. काळ्या पट्ट्यात इलेक्ट्रॉन पोचत नाहीत. तेथे लक्ष ठेवून एक फट बंद केली की त्याच ठिकाणी ते येऊ लागतात. फट पुन्हा उघडली की यायचे थांबतात. दुसरी वाट मोकळी केल्यामुळे पहिल्या वाटेने येणाराही यायचा थांबावा, हे डब्याच्या बाबतीत कधी घडेल काय ? बाबूच्या वहीत आठ आण्यांत आठ आणे मिळवले तर सोळा होतील. शून्य होणार नाहीत. शून्य होते ते लाटांचे. राजीमच्या संगमावर दोन बाजूंनी आलेल्या लाटा भेटतात तेव्हा एकीचा उंचवटा व दुसरीचा खळगा एकत्र येऊन पाणी क्षणभर सपाट होते. शास्त्रज्ञ ह्याला व्यतिकरण म्हणतात. तरंगफलनाला धन-ऋण असते, शक्यतेला ते नसते. आणि फटींपाशी मिळवणी होते ती तरंगफलनांची, शक्यतांची नव्हे. तेव्हा केवळ अज्ञानाची नोंद एवढी करामत कशी करील, हा प्रश्न आमच्या फाइलींतील शहाणपणाने सुटत नाही. इलेक्ट्रॉन कोणत्या फटीतून गेला हे पाहण्याची सोय केली तर पट्टेच नाहीसे होतात, हे त्यात आणखी एक कोडे !

ह्या प्रश्नावर थोरामोठ्यांचे मतभेद झाले. नील्स बोर ह्यांच्या मते, मोजमापाच्या साधनांपासून अलग असे इलेक्ट्रॉनचे वर्णन मागणेच गैर आहे. आइन्स्टाइन ह्यांना ते मान्य नव्हते. त्यांच्या मते तरंगफलन ही अपुरी नोंद होती. पूर्ण हकिकत निसर्गापाशी असलीच पाहिजे. १९३५ साली पोडोल्स्की व रोझेन ह्यांच्यासह त्यांनी हे मत निबंधरूपाने मांडले. त्याच वर्षी श्रोडिंगर ह्यांनी आपले प्रसिद्ध मांजर पेटीत घातले. एका किरणोत्सर्गी अणूच्या विघटनावर मांजराचे जिणे-मरणे अवलंबून ठेवले, तर पेटी उघडेपर्यंत समीकरणाच्या हिशेबी जिवंत व मृत ह्या दोन्ही अवस्था मिसळलेल्या राहतात. श्रोडिंगरना हा चमत्कार सिद्ध करावयाचा नव्हता. ह्या वर्णनाला संपूर्ण मानले तर केवढा विक्षेप होतो हे त्यांना दाखवायचे होते. आमच्या भाषेत, मांजराचा हयातीचा दाखला कोणी पाहिला नाही एवढ्यावरून ते अर्धमेले कसे ठरेल, असा त्यांचा सवाल होता.

पुढे हा वाद केवळ तत्त्वचर्चेचा राहिला नाही. १९६४ साली जॉन बेल ह्यांनी दाखवले की, निसर्गापाशी लपलेली हकिकत असेल आणि दूरच्या घटनेचा तिच्यावर तात्काळ परिणाम होत नसेल, तर प्रयोगांतील परस्परसंबंधांना एक मर्यादा पडते. प्रयोगांत ती मर्यादा ओलांडली गेली. त्या कामाबद्दल क्लाउझर, आस्पे व झाइलिंगर ह्यांना २०२२ सालचे नोबेल पारितोषिक मिळाले. आइन्स्टाइनना हवी होती तशी साधी, ठिकाणच्या ठिकाणी राहणारी हकिकत निसर्गापाशी नाही, हे त्यावरून ठरले.

आमच्या प्रश्नाला थेट हात घातला तो २०१२ साली प्युसी, बॅरेट व रुडॉल्फ ह्या तिघांनी. त्यांचा युक्तिवाद कचेरीच्या उदाहरणाने सांगता येतो. एका दप्तरात नोंद आहे, 'वय पन्नाशीच्या पुढे'. दुसऱ्यात आहे, 'धमतरीचा रहिवासी'. नोंदी दोन, तरी दोन्ही एकाच माणसाला लागू पडू शकतात. नोंद ही माहिती असल्याची खूणच ती. तरंगफलन हेही नुसती माहिती असेल तर दोन निरनिराळी तरंगफलने कधी तरी एकाच वस्तुस्थितीला लागू पडली पाहिजेत. त्या तिघांनी सिद्ध केले की, असे मानल्यास, स्वतंत्रपणे तयार केलेल्या कणांवर योग्य असे एकत्रित मोजमाप घेतले असता, जे फळ पुंजयामिकीने सर्वस्वी निषिद्ध ठरवले आहे ते अधूनमधून मिळू लागेल. म्हणजे तरंगफलन निराळे तर वस्तुस्थितीही निराळी. अर्थात ह्या सिद्धतेला दोन अटी आहेत. कणांमागे पाहणाऱ्यावर अवलंबून नसलेली काही वस्तुस्थिती आहे हे मानले पाहिजे. आणि स्वतंत्रपणे तयार केलेल्या कणांची वस्तुस्थितीही स्वतंत्र असते हेही मानले पाहिजे. बोर ह्यांच्या वाटेने जाणारे पहिलीच अट नाकारतात व सुटतात.

मग तरंगफलन ही पाण्याच्या लाटेसारखी वस्तू म्हणावी काय ? तेही सोपे नाही. एका कणाचे तरंगफलन आपल्या लांबी-रुंदी-उंचीच्या अवकाशात मांडता येते. दोन कणांचे मांडावयाचे तर सहा मिती लागतात, दहा कणांचे तर तीस. अशी वस्तू कोठे असते, हा प्रश्न तिला खरी मानणाऱ्यांना सोडवावा लागतो. १९५२ साली डेव्हिड बोम ह्यांनी कण व त्याला वाट दाखवणारा तरंग अशी दोन्ही खरी मानली. १९५७ साली एव्हरेट ह्यांनी तरंगफलन कधीच नाहीसे होत नाही असे म्हटले. मोजमापाच्या वेळी त्याच्या सर्व शाखा टिकतात, आम्ही त्यांपैकी एकीत असतो.

ही शेवटची कल्पना मराठी वाचकाला परकी नाही. कै. डॉ. जयंत नारळीकर ह्यांची गंगाधरपंतांच्या पानिपताची गोष्ट आपल्यापैकी पुष्कळांनी वाचली असेल, एन.सी.ई.आर.टी.च्या अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकातही तिचा समावेश झाला. १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना लागलेली गोळी जिथे हुकली, अशा दुसऱ्या इतिहासात तो प्राध्यापक जाऊन येतो, आणि त्याचा मित्र त्याला इलेक्ट्रॉनच्या अनिश्चिततेचे उदाहरण देतो. पानिपत घडले तेव्हा छत्तीसगडावर रतनपूरहून बिंबाजी भोसले राज्य करीत होते. तेव्हा ह्या भागातील मराठी घरांना ती 'जर-तर'ची हळहळ अधिकच जवळची. मात्र ती गोष्ट कल्पित आहे हे विसरू नये. एका शाखेतून दुसरीत जाऊन येण्याची वाट एव्हरेटच्या सिद्धांतात नाही.

येथे एक इशारा द्यावासा वाटतो. आजकाल क्वांटम हा शब्द लावून औषधे, ताईत व यशाचे मंत्र विकले जातात. श्रोडिंगर उपनिषदे आदराने वाचीत, हे खरे; परंतु त्यांच्या समीकरणात उपनिषदांतील एकही पद नाही, आणि त्या समीकरणामुळे उपनिषदांची थोरवी वाढत वा घटत नाही. दोहोंचा मान राखावयाचा तर दोहोंची सरमिसळ टाळली पाहिजे.

आमचे स्वतःचे मत विचाराल तर, तरंगफलन निव्वळ नोंद आहे असे आम्हांस म्हणवत नाही. जी नोंद दोन वाटा एकदम चालते व स्वतःला मिटवून काळे पट्टे काढते, ती कागदापेक्षा काही अधिक असली पाहिजे. ते अधिक काय, ह्याचा निवाडा झालेला नाही. निवाडा नसताही त्याचा व्यवहार चालू आहे. एप्रिल २०२३ मध्ये केंद्र सरकारने ६००३ कोटी ६५ लाख रुपयांच्या राष्ट्रीय क्वांटम मिशनला मंजुरी दिली. त्यातील संवेदन व मापन ह्या शाखेचे केंद्र मुंबईच्या आय.आय.टी.त आहे. ह्या सभागृहातील मुलामुलींपैकी कोणी उद्या तेथे काम करील. त्यांना आमचे सांगणे एवढेच की, हिशेब बरोबर येतो म्हणून 'हे आहे तरी काय' हे विचारणे सोडू नका. आणि जमेल तेव्हा ते मराठीतून विचारा. घरात ज्या भाषेत भाजीचा भाव विचारला जातो त्याच भाषेत विश्वाचा ठाव विचारला गेला, तर दूरदेशी राहूनही ती भाषा केवळ सणावारापुरती उरणार नाही.