रसिकांचे फेरफार

दिवाळी उलटून धानाची कापणी झाली, कीं चंद्रपूर व गडचिरोली या जिल्ह्यांच्या झाडीपट्टींत नाटकांचे दिवस सुरू होतात. देसाईगंज, म्हणजेच वडसा, हें तेथील नाटकमंडळ्यांचें केंद्र. रात्रीं मंडपांत सुरू झालेला प्रयोग पहांटेपर्यंत चालतो, आणि आसपासच्या खेड्यांतून आलेले प्रेक्षक कडाक्याच्या थंडींतही जागचे हलत नाहींत.

शहरी रसिकाला या रंगभूमीची एक गोष्ट प्रथम खटकते. लिहिलेलें नाटक आणि प्रत्यक्ष प्रयोग यांत पुष्कळ अंतर पडतें. तालमी थोड्या, पडद्याआडचा प्रॉम्प्टर वाक्यें पुरवितो, आणि विनोदी नट त्या वाक्यांत झाडीबोलींतील आपला शब्द घालून मोकळा होतो. याचें मूळ दूरचें नाहीं. दंडार आणि खडी गंमत या तेथील जुन्या लोकप्रकारांत पाठ केलेल्या वाक्याइतकेंच आयत्या वेळीं सुचलेल्या उत्तराला मोल असे. दुःखाची गोष्ट परगांवींही रडविते. विनोदाला मात्र आपल्या गांवची भाषा, आपल्या शेजाऱ्याची लकब लागते. म्हणून विनोदी कृतींत फेरफार होणें हा तिचा अपमान नव्हे. ती लोकांनीं आपलीशी केल्याची ती खूण होय.

आजच्या यंत्रयुगांतही हीच वृत्ति दिसून येते. डोळ्यांवर यंत्र चढवून आभासी सृष्टींत शिरण्याचे जे खेळ निघाले आहेत, त्यांत ‘गोरिला टॅग’ हा २०२१ सालीं आलेला खेळ हंसवणुकीबद्दल गाजला. खेळणारा त्यांत बिनपायांचा गोरिला बनतो आणि केवळ हातांच्या रेट्यानें उड्या मारीत दुसऱ्याला शिवतो. म्हणजे आपली शिवाशिवीच! या खेळाच्या चाहत्यांनीं त्यांत स्वतः रचलेलीं नवीं मैदानें आणि नाना गमती घातल्या. अशा फेरफारांना ‘मॉड’ म्हणतात. मात्र तेथें एक मर्यादा पाळावी लागते. ज्या फेरफारानें एखाद्याचें बळ किंवा वेग वाढतो, तो खासगी अथवा त्यासाठींच राखलेल्या दालनांतच वापरावयाचा. अनोळखी लोक जेथें साध्या नियमांनीं खेळतात, तेथें तो चालविणें म्हणजे त्यांचा खेळ मोडणें होय.

झाडीपट्टीच्या चांगल्या नटाला ही मर्यादा कोणी लिहून द्यावी लागत नाहीं. तो पदरचीं दहा वाक्यें बोलेल, परंतु शेवटीं समोरच्या नटाला हवें असलेलें वाक्य देऊन कथेचा धागा त्याच्या हातीं ठेवील. तें वाक्य न मिळाल्यास समोरचा नट खोळंबतो, प्रॉम्प्टर गोंधळतो आणि एकाच्या टाळ्यांसाठीं सर्वांचें नाटक बुडतें. फेरफार करणारा रसिक आणि खेळ बिघडविणारा उपटसुंभ यांतील भेद एवढाच आहे.

गडचिरोली जिल्ह्यांतील गुरनोलीचे नट परशुराम खुणे यांना २०२३ सालीं पद्मश्री मिळाली. ५,००० हून अधिक प्रयोगांत त्यांनीं सुमारें ८०० निरनिराळ्या भूमिका केल्या आहेत. त्यांच्या विनोदी भूमिकांवर तेथील प्रेक्षकांचें विशेष प्रेम. या गौरवानें झाडीपट्टीचें नांव दूरवर गेलें खरें; पण एवढ्या प्रयोगांत आयत्या वेळीं बोलले गेलेले शब्द कोठें आहेत?

फेरफारांचें खरें दुर्दैव येथेंच आहे. मूळ खेळाची नवी आवृत्ति निघाली, कीं चाहत्यांचे जुने मॉड पुष्कळदां निकामी होतात. आणि नटाचा नवा शब्द तर पहांटेच्या दंवाबरोबर विरून जातो. नाटककाराचें नांव जाहिरातींत राहतें, शब्द घालणाऱ्याचें राहत नाहीं. यावर उपाय अवघड नाहीं. प्रयोग संपल्यावर ज्या शब्दाला मंडप हंसला, तो प्रॉम्प्टरनें आपल्या प्रतीच्या कडेला टिपून ठेवावा, आणि शेजारीं गांवाचें व नटाचें नांव लिहावें. पुढील नटानें तोच शब्द उचलावा असा याचा अर्थ नव्हे. आपल्या आधीं कोणी काय भर घातली, हें त्याला कळावें इतकेंच. हंसूं एका रात्रीचें असलें, तरी तें निर्माण करणाऱ्याचें नांव एका रात्रीचें असूं नये.